‘ॲटलास’ ह्या नांवाचा अर्थविस्तार

नकाशांच्या संग्रहास ‘ॲटलास’ कां म्हणतात, हा प्रश्न शाळेंत दरवर्षीं कोणीतरी विद्यार्थी विचारीतच असे, आणि मीहि दरवर्षीं एकच उत्तर देत असें. ग्रीक लोकांच्या पुराणांत ॲटलास नांवाचा एक महाकाय पुरुष आहे; आपल्या शेषाप्रमाणें त्यानें पृथ्वी धारण केली आहे; नकाशांच्या पुस्तकांत सगळी पृथ्वी सांठविलेली असते, म्हणून त्या पुस्तकास त्याचें नांव. उत्तर सुटसुटीत होतें, मुलांना पटत असे, आणि घंटा होण्यापूर्वीं धडा संपत असे. एका वर्षीं मात्र मागच्या बाकावरील एका मुलानें उठून विचारलें, “गुरुजी, पृथ्वी त्याच्या खांद्यावर, तर त्याचे पाय कशावर ?” वर्ग हंसला, मीहि हंसलों आणि पुराणांत असें विचारावयाचें नसतें, असें सांगून वेळ मारून नेली. पुढें सेवानिवृत्त झाल्यावर मूळ ग्रंथांचीं भाषांतरें सवडीनें पाहूं लागलों, तेव्हां ध्यानांत आलें कीं, त्या मुलाची शंका बिनतोड होती आणि माझें उत्तर तीन ठिकाणीं चुकलें होतें. ॲटलासनें पृथ्वी कधींच धारण केली नव्हती. नकाशासंग्रहास त्याचें नांव देणाऱ्या पंडिताच्या मनांत ओझें वाहणारा ॲटलास नव्हता. आणि शेषाशीं त्याची जी तुलना मी करीत आलों, तीहि जुळणारी नव्हती. सुमारें तीस वर्षें जें चुकीचें सांगितलें त्याची दुरुस्ती करणें हा ह्या लेखाचा एक हेतु आहे.

दुसरा हेतु थोडा व्यापक आहे. हें एकच नांव पर्वतास, महासागरास, मानेच्या मणक्यास, खांबाच्या शिल्पास, शनीच्या उपग्रहास आणि गणितांतील एका संज्ञेस लागलेलें आहे. तें कसकसें लागत गेलें हें क्रमानें पाहिलें म्हणजे असें दिसतें कीं, ह्या नांवांत आरंभापासूनच दोन अर्थ होते, एक भाराचा व दुसरा ज्ञानाचा. पुढील काळांत कोणी पहिला उचलला, कोणी दुसरा. आपण मात्र सर्वत्र पहिलाच लावतों, आणि तेथें घोटाळा होतो.

१. मूळ कथेंतील ॲटलास

होमरच्या ‘ओडिसी’ महाकाव्याच्या पहिल्याच सर्गांत ॲटलासचा उल्लेख आहे. ओडिसियस ज्या कॅलिप्सो नामक अप्सरेच्या बेटावर अडकून पडला आहे, तिचा हा पिता. त्याच्याविषयीं कवीनें दोन गोष्टी सांगितल्या आहेत. सर्व समुद्राची खोली त्याला ठाऊक आहे, ही पहिली. आणि पृथ्वी व आकाश ह्यांना एकमेकांपासून दूर ठेवणारे उंच स्तंभ त्याच्या स्वाधीन आहेत, ही दुसरी. ज्ञान व भार हे दोन धर्म येथें एकाच जागीं आले आहेत, आणि त्यांतहि ज्ञान अगोदर आलें आहे, हें वाचकांनीं ध्यानांत ठेवावें.

इ. स. पूर्वीं ७०० च्या सुमारास झालेल्या हेसिअडनें आपल्या ‘थिऑगनी’ ह्या देववंशकाव्यांत भाराचा भाग विस्तारानें सांगितला. ॲटलास हा आयापिटस व क्लिमेनी ह्यांचा पुत्र. मानवांसाठीं अग्नि चोरणारा प्रॉमीथियस हा त्याचा भाऊ. पृथ्वीच्या टोकाशीं उभा राहून तो डोक्यानें व न थकणाऱ्या हातांनीं विस्तीर्ण आकाश तोलून धरतो. झ्यूसनें हा वांटा त्याला नेमून दिला आहे.

हेराक्लीसची कथा ह्याच संदर्भांतील आहे. अपोलोडोरसच्या नांवावर असलेल्या पुराणसंग्रहांत ती अशी आहे : सोन्याचीं सफरचंदें आणून देण्याचें ॲटलासनें कबूल केलें, आणि तोंवर आकाशाचा भार हेराक्लीसनें घेतला. फळें घेऊन परतल्यावर ॲटलास तो भार पुन्हा घेईना. तेव्हां हेराक्लीसनें युक्ति केली. डोक्यावर चुंबळ नीट बसवूं दे, तेवढा क्षणभर भार धर, असें तो म्हणाला. ॲटलासनें फळें खालीं ठेवून आकाश पुन्हा डोक्यावर घेतलें, आणि हेराक्लीस फळें उचलून चालता झाला. ऑलिंपिया येथील झ्यूसच्या मंदिरावर इ. स. पूर्वीं ४६० च्या सुमारास हा प्रसंग कोरलेला आहे. त्यांत हेराक्लीसच्या मानेवर उशी ठेवलेली स्पष्ट दिसते. हारा डोक्यावर घेणाऱ्या आपल्या हमालासहि हा चुंबळीचा डाव कळण्यासारखा आहे.

ह्या सर्व ग्रंथांत आणि शिल्पांत भार आहे तो आकाशाचा. पृथ्वीचा भार कोणीहि सांगितलेला नाहीं. ॲटलास पृथ्वीवरच उभा आहे, आणि त्याचें कामच मुळीं पृथ्वीवर आकाश कोसळूं न देणें हें आहे. म्हणून शेषाशीं त्याची तुलना करणें बरोबर नाहीं. शेष पृथ्वीच्या खालीं, हा तिच्या वर. आपल्याकडील साम्य पाहावयाचेंच असेल तर तें वेदांत पाहावें. द्यावापृथिवींना वेगळें करून वरचें स्थान आधार देऊन स्थिर करण्याचें कर्म ऋग्वेदांत विष्णु, वरुण, इंद्र ह्यांच्याकडे दिलेलें आहे. आणि अथर्ववेदाच्या दहाव्या कांडांतील स्कंभसूक्तांत तर सर्व विश्वाचा आधारस्तंभ हीच देवता झाली आहे. होमरचे स्तंभ व अथर्ववेदांतील स्कंभ हे कल्पनेनें एकमेकांजवळ येतात. अर्थात् हें साम्य आहे. एकापासून दुसरें निघालें असा दावा मी करीत नाहीं.

२. व्युत्पत्ति आणि तिच्या बाजूचे खाचखळगे

ग्रीक शब्दाचा उच्चार ‘आत्लास’ असा असून त्याचें अंग ‘आत्लान्त्’ असें आहे. संस्कृतांत ‘भवत्’ ह्या शत्रन्त शब्दाची प्रथमा ‘भवन्’ आणि द्वितीया ‘भवन्तम्’ होते, तसाच कांहींसा प्रकार येथें आहे. म्हणून ‘अटलांटिक’ ह्या शब्दांत जो ‘न्त’ दिसतो तो ‘ॲटलास’ मध्यें दिसत नाहीं. शब्द मात्र एकच.

बहुतेक जुन्या व्युत्पत्तिकारांनीं ह्या शब्दाचा संबंध सोसणें, उचलून धरणें ह्या अर्थाच्या धातूशीं लाविला आहे. लॅटिनमधील ‘तुली’, संस्कृतांतील ‘तुल्’ धातु व ‘तुला’ हे त्याच कुळांतले. तें खरें धरल्यास आपल्या मराठींतील तोल, तोलणें आणि घराचें छप्पर तोलून धरणारी तुळई हीं ॲटलासचीं दूरचीं भावंडें ठरतात. परंतु ह्या मतास विरोध आहे. रॉबर्ट बेकेस ह्या डच पंडितानें हा शब्द ग्रीकांच्या पूर्वीं त्या प्रदेशांत नांदणाऱ्या भाषेंतला मानिला आहे. शिवाय स्ट्रेबो ह्या भूगोलकारानें नमूद केलें आहे कीं, ज्या पर्वतास ग्रीक लोक ॲटलास म्हणत, त्यास तेथील रहिवासी ‘दीरिस’ म्हणत. आणि उत्तर आफ्रिकेंतील बर्बर भाषांत पर्वतास ‘अद्रार’ हा शब्द आजहि आहे. तेव्हां तुळईचें नातें कितीहि गोड वाटलें तरी तें सिद्ध नव्हे, संभाव्य आहे.

ध्वनिसाम्यानें फसूं नये असे दोन शब्द आपल्या अगदीं जवळ आहेत. पहिला ‘अतल’. भागवताच्या पांचव्या स्कंधांत पृथ्वीखालील सात विवरांचें वर्णन आहे. त्यांतील पहिलें अतल. हा अ व तल ह्यांचा सरळ समास आहे, आणि समुद्रांत बुडालेल्या ग्रीक बेटाशीं त्याचें नातें जोडण्यास ध्वनीपलीकडे आधार नाहीं. अशा जोडण्यांचा मोह किती घातक असतो हें फ्रान्सिस विल्फर्डच्या उदाहरणावरून समजतें. ‘एशियाटिक रिसर्चेस’ मध्यें त्यानें पुराणांच्या आधारें ईजिप्तचा भूगोल सिद्ध केला. पुढें आपल्याच पंडितानें पोथींत हवीं तशीं नांवें घुसडलीं होतीं असें त्यास आढळलें, आणि १८०५ सालीं त्याच नियतकालिकांत त्याला तशी कबुली द्यावी लागली.

दुसरा शब्द ‘अतलस’. हा मोल्सवर्थच्या कोशांत रेशमी वस्त्राचें नांव म्हणून आहे. तो अरबी असून त्याचा मूळ अर्थ गुळगुळीत, उघडें, नक्षी नसलेलें असा आहे; त्यामुळेंच अरबी ज्योतिषांत तारे नसलेल्या नवव्या आकाशासहि हेंच विशेषण लागलें. आकाश येथेंहि आलें, परंतु तें योगायोगानें. जर्मन भाषेंत तर हे दोन्ही शब्द एकरूप झाले आहेत. तेथें ‘आट्लास’ म्हणजे नकाशासंग्रह आणि ‘आट्लास’ म्हणजे रेशमी कापडहि. मात्र नकाशासंग्रहाचें ‘आट्लान्टेन’ असें अनेकवचन होऊं शकतें, कापडाचें होत नाहीं. विभक्तीनें येथें शब्दाचें कूळ जपून ठेविलें आहे.

३. पर्वत आणि महासागर

हिरोडोटसनें इ. स. पूर्वीं पांचव्या शतकांत लिबियाचें वर्णन करतांना ॲटलास नांवाचा पर्वत सांगितला आहे. तो अरुंद व गोल आहे, त्याचें शिखर ढगांमुळें कधींच दिसत नाहीं, आणि तेथील लोक त्याला आकाशाचा स्तंभ म्हणतात. त्या लोकांना पर्वतावरून ‘अटलांट’ असें नांव पडलें. ते कोणताहि सजीव प्राणी खात नाहींत व त्यांना स्वप्नें पडत नाहींत, अशी ऐकीव माहितीहि त्यानें दिली आहे. आज ज्यास ॲटलास म्हणतात ती एकाकी टेकडी नसून मोरोक्को, अल्जीरिया व ट्युनिशिया ह्या देशांतून सुमारें २५०० किलोमीटर गेलेली पर्वतांची रांग आहे, आणि तिचें तुबकाल हें शिखर ४१६७ मीटर उंच आहे. हिरोडोटसचें वर्णन ह्या रांगेशीं तंतोतंत जुळत नाहीं. नांव मात्र तिच्याकडे कायमचें राहिलें.

पुरुषाचा पर्वत कसा झाला ह्याची कथा मागाहून रचिली गेली. ती ऑव्हिडच्या ‘मेटामॉर्फोसीस’ काव्याच्या चौथ्या सर्गांत आहे. आश्रय नाकारणाऱ्या ॲटलासला पर्सियसनें मेड्यूसेचें शिर दाखविलें. त्याच्या दाढीकेसांचीं रानें झालीं, खांद्यांच्या सोंडा झाल्या, हाडांचे दगड झाले. सह्याद्रीवरील स्थलमाहात्म्यें ज्यांनीं वाचलीं आहेत त्यांना ही पद्धत अपरिचित वाटणार नाहीं. पर्वत आधीं असतो. त्याची कथा नंतर येते.

समुद्राची गोष्ट अशीच आहे. जिब्राल्टरच्या सामुद्रधुनीपलीकडील समुद्रास हिरोडोटसनें ॲटलासचा समुद्र ह्या अर्थाचें नांव दिलेलें आहे. पुढल्या शतकांत प्लेटोनें ‘क्रिटियस’ ह्या संवादांत अटलांटिस बेटाची कथा सांगितली, आणि समुद्रदेव पोसायडन ह्याचा ज्येष्ठ पुत्र व त्या बेटाचा पहिला राजा ॲटलास ह्याच्यावरून बेटास व समुद्रास नांव पडलें असें म्हटलें. हा ॲटलास निराळा. त्याच्या डोक्यावर आकाश नाहीं. प्लेटोपूर्वींच समुद्राचें नांव रूढ होतें, हें हिरोडोटसच्या साक्षीनें सिद्ध आहे. तेव्हां बेटावरून महासागराचें नांव निघालें असें जें कित्येकदां सांगितलें जातें, त्याचा क्रम उलटा आहे.

४. राजा व ज्योतिषी

आतां ज्ञानाच्या धाग्याकडे वळूं. इ. स. पूर्वीं पहिल्या शतकांतील डायोडोरस ह्या इतिहासकारानें ह्या कथेचा लौकिक अर्थ लाविला. त्याच्या मतें ॲटलास हा पश्चिम समुद्राकडील प्रदेशाचा राजा असून ज्योतिषांत निष्णात होता. गोलाचा सिद्धांत लोकांपुढें प्रथम त्यानें मांडला, म्हणून सगळें आकाश त्याच्या खांद्यांवर आहे अशी वार्ता पसरली. त्याच शतकांतील रोमन स्थपति व्हिट्रुव्हियस ह्यानेंहि सूर्य, चंद्र व तारे ह्यांच्या गतीचें ज्ञान माणसांस प्रथम ॲटलासनें दिलें आणि म्हणून चित्रकार व मूर्तिकार त्यास विश्व धारण करणारा दाखवितात, असें लिहिलें आहे.

निरुक्ताच्या अभ्यासकास ही रीत परिचयाची आहे. वृत्र कोण, ह्या प्रश्नावर यास्कानें दोन पक्ष दिले आहेत : नैरुक्तांच्या मतें तो मेघ, आणि ऐतिहासिकांच्या मतें त्वष्ट्याचा पुत्र असा असुर. डायोडोरस हा ग्रीकांतील ऐतिहासिक होय. त्याचें म्हणणें खरें कीं खोटें हा प्रश्न येथें गौण आहे. महत्त्वाचें हें कीं, ह्या अर्थामुळें ओझें वाहण्याची शिक्षा भोगणारा बंडखोर हा शास्त्रज्ञ राजा बनला, आणि होमरनें अगोदर सांगितलेलें ज्ञान पुन्हा पुढें आलें.

५. मर्केटरचें पुस्तक

गेरार्डस मर्केटर ह्याचा जन्म १५१२ सालीं फ्लँडर्समधील रुपेलमोंडे येथें झाला. १५६९ च्या ज्या जगाच्या नकाशामुळें खलाशांना दिशा सरळ रेषेनें आंखतां येऊं लागली तो नकाशा ह्याचाच. त्याच्या मित्रानें, अब्राहम ऑर्टेलियसनें, १५७० सालीं अँटवर्प येथें एकाच आकाराच्या नकाशांचा पहिला आधुनिक संग्रह छापला; परंतु त्यानें त्यास ‘पृथ्वीमंडलाचें नाट्यगृह’ असें नांव दिलें होतें. मर्केटरचा संकल्प ह्याहून मोठा होता. सृष्टीची उत्पत्ति, आकाश, पृथ्वी व इतिहास ह्या सर्वांचें एकत्र विवरण त्याला करावयाचें होतें. तें पुरें होण्यापूर्वींच, २ डिसेंबर १५९४ रोजीं ड्यूसबुर्ग येथें तो वारला, आणि पुढील वर्षीं त्याचा पुत्र रुमोल्ड ह्यानें ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याच्या लॅटिन नांवाचा अर्थ असा : ‘ॲटलास, अथवा विश्वाची रचना व रचिलेल्या विश्वाची आकृति ह्यांविषयीं विश्वशास्त्रीय चिंतनें’.

हा ॲटलास कोण हें मर्केटरनें स्वतःच सांगून ठेविलें आहे. तो मॉरिटानियाचा, म्हणजे उत्तर आफ्रिकेंतील त्या पर्वताच्या प्रदेशाचा, राजा. तत्त्वज्ञ, गणिती व ज्योतिषी. आणि आकाशाचा गोल प्रथम तयार करणारा. अशा पुरुषाचा कित्ता आपण गिरवीत आहों, असा त्याचा भाव आहे. मुखपृष्ठावरील चित्रहि ह्यास दुजोरा देतें. तेथें एक दाढीधारी पुरुष बसलेला आहे. एक गोल त्याच्या हातांशीं व दुसरा पायांपाशीं आहे, आणि कंपास घेऊन तो माप घेत आहे. त्याचे खांदे मोकळे आहेत.

म्हणजे जगांतील प्रत्येक शाळेंत ज्या पुस्तकास ॲटलास म्हणतात त्यास तें नांव मिळालें तें मोजणाऱ्या राजामुळें, वाहणाऱ्या दैत्यामुळें नव्हे. १६०४ सालीं योडोकस होंडियसनें मर्केटरचे ताम्रपट विकत घेतले व १६०६ पासून ॲमस्टरडॅम येथें त्याच्या आवृत्त्या काढल्या; १६६२ सालीं योआन ब्लाऊ ह्यानें अकरा खंडांचा ‘आट्लास मायोर’ छापला. तोंवर विशेषनामाचें सामान्यनाम झालें होतें, आणि मर्केटरची प्रस्तावना वाचणारे थोडे उरले होते.

६. चूक कशी रूढ झाली

मग पृथ्वी त्याच्या खांद्यावर कोणीं ठेविली ? माझ्या मतें डोळ्यांनीं. नेपल्स येथील पुराणवस्तुसंग्रहालयांत ‘फार्नेसे ॲटलास’ नांवाची इ. स. च्या दुसऱ्या शतकांतील संगमरवरी मूर्ति आहे. गुडघा टेंकलेला वृद्ध पुरुष पाठीवर मोठा गोल सांवरतो आहे. जवळ जाऊन पाहिल्यास त्या गोलावर तारकापुंजांच्या आकृति कोरलेल्या दिसतात. तो खगोल आहे. परंतु दुरून पाहणाऱ्यास केवळ गोल दिसतो. सोळाव्या शतकांत समुद्रपर्यटनें वाढलीं, पृथ्वीचे गोल विद्वानांच्या मेजावर आले, आणि गोल म्हटला कीं पृथ्वी अशी संवय झाली. त्याच सुमारास रोममधील अंतोनियो लाफ्रेरी हा सुटे नकाशे एकत्र बांधून देत असे. त्याच्या १५७० च्या सुमारच्या मुखपृष्ठावर गोल उचललेला ॲटलास आहे. एका बाजूनें मर्केटरचें नांव व दुसऱ्या बाजूनें हें चित्र असे दोन प्रवाह मिळाले. नांव राजाचें राहिलें, चित्र भारवाहकाचें राहिलें, आणि खगोलाचा भूगोल झाला.

७. भाराचा वांटा

ज्या शास्त्रांनीं भाराचा अर्थ घेतला त्यांत स्थापत्य पहिलें. सिसिलींतील अक्रागास, म्हणजे हल्लींचें अग्रिजेंटो, येथील झ्यूसच्या मंदिरांत इ. स. पूर्वीं पांचव्या शतकांत साडेसात मीटरांहून उंच भारवाहक पुरुष घडविले होते. व्हिट्रुव्हियस सांगतो कीं, अशा मूर्तींस ग्रीक लोक ‘आत्लान्तेस’ म्हणतात व रोमन लोक ‘टेलामोन’ म्हणतात; आणि आपल्याच लोकांच्या ह्या नांवाचें कारण कोणत्याहि इतिहासांत सांपडत नाहीं, असेंहि तो मोकळेपणानें कबूल करतो.

महाराष्ट्रांतील जुन्या देवळांच्या स्तंभशीर्षांवर, हातांनीं व खांद्यांनीं तुळया तोलणाऱ्या ठेंगण्या मूर्तींस आपण ‘कीचक’ म्हणतों. विराटाचा तो मेहुणा भीमानें मारला, एवढेंच भारत सांगतें; अमरकोशांत कीचक म्हणजे वाऱ्यानें वाजणारा वेळू. तुळई पेलण्याचें काम दोहोंतहि नाहीं. पुराणांतील नांव कारागिरीचा शब्द होतें तें कसें, ह्याचें हें घरचें उदाहरण आहे.

येथेंच संशोधकांनीं एक सावधगिरी बाळगावयास हवी. गांधार शिल्पांत पायथ्याशीं बसलेल्या, कधीं पंख असलेल्या भारवाहक मूर्ति आहेत. युरोपीय अभ्यासकांनीं त्यांस ‘ॲटलास’ म्हटलें, आणि गांधारांत ग्रीक कलेचा संस्कार उघड असल्यामुळें तेथें तें नांव सर्वस्वीं गैर नाहीं. परंतु सांचीच्या पश्चिम तोरणावरील भार पेलणारे यक्ष, किंवा पितळखोऱ्याचा डोक्यावर पात्र धरलेला यक्ष, ह्यांनाहि तेंच नांव लावणें म्हणजे पुराव्यावांचून त्यांचें कूळ ठरविणें होय. पितळखोऱ्याची ती मूर्ति आतां दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयांत आहे, आणि ती कण्हदास नांवाच्या सोनारानें घडविली असें तिच्यावरच कोरलेलें आहे. ज्या शिल्पानें आपल्या कर्त्याचें नांव स्वतः जपलें आहे, त्यावर परकें नांव चिकटविण्याची घाई कशास ?

शारीरशास्त्रांत मानेच्या सात मणक्यांतील पहिल्यास ॲटलास म्हणतात. तो कड्याच्या आकाराचा असून मस्तकाचा गोल त्याच्यावर टेंकलेला असतो; त्याच्या खालील दुसऱ्या मणक्याच्या सुळक्याभोंवतीं तो फिरतो, म्हणून आपल्याला मान वळवितां येते. ‘शिरोधर’ हा शब्द त्यास शोभतो. ज्यांनीं हें नांव दिलें त्यांनीं गोल आणि आधार ह्यांचें सादृश्य अचूक पाहिलें.

आकाशांतील उदाहरण ह्याच्या उलट आहे. आपण ज्यांना कृत्तिका म्हणतों त्या ग्रीकांच्या मतें ॲटलासच्या कन्या, आणि त्या पुंजांतील एका ताऱ्यास पित्याचेंहि नांव आहे. १९८० सालीं ‘व्हॉयेजर १’ ह्या यानानें पाठविलेल्या छायाचित्रांत शनीच्या ‘ए’ कड्याच्या बाहेरील कांठाशीं एक लहान उपग्रह आढळला. कडें हाच सांवरून धरतो असें वाटून त्यास ॲटलास नांव मिळालें. पुढें असें दिसून आलें कीं, तो कांठ टिकविण्याचें काम मुख्यतः जेनस ह्या दुसऱ्या उपग्रहाच्या आकर्षणानें होतें. भार नाहीं, तरी भारवाहकाचें नांव राहिलें. नांव हें वस्तूविषयींच्या त्या काळच्या समजुतीचा पुरावा असतें. तो वस्तूचा पुरावा नव्हे.

८. ज्ञानाचा वांटा

मर्केटरनंतर ‘ॲटलास’ म्हणजे नकाशांचा ग्रंथ, आणि मग कोणत्याहि शास्त्रांतील चित्रपटांचा क्रमवार संग्रह असा अर्थ वाढला. देहाचे, मेंदूचे, वनस्पतींचे ॲटलास निघाले. आपल्या देशापुरतें पाहतां, १८२७ पासून एका इंचास चार मैल ह्या प्रमाणानें ‘ॲटलास ऑफ इंडिया’ चे तक्ते प्रसिद्ध होऊं लागले. अलीकडील काळांत जोसेफ श्वार्ट्झबर्ग ह्यांचा दक्षिण आशियाचा ऐतिहासिक ॲटलास १९७८ सालीं, व इरफान हबीब ह्यांचा मोगल साम्राज्याचा ॲटलास १९८२ सालीं प्रसिद्ध झाला. इतिहासाच्या अभ्यासकास मर्केटरचा राजा खऱ्या अर्थानें उपयोगी पडला तो येथें.

गणितांतील अर्थ सर्वांत सूक्ष्म आहे. वक्र पृष्ठभाग एकाच सपाट कागदावर यथातथ्य उतरत नाहीं. म्हणून त्याचे तुकड्यातुकड्यांचे, परस्परांवर थोडे चढणारे नकाशे करून ते जुळवितात. अशा नकाशांच्या समुच्चयास गणिती ‘ॲटलास’ म्हणतात. पृथ्वीचा गोल कागदावर आणतांना कांहींतरी सोडावेंच लागतें, ही अडचण मर्केटरनें जन्मभर सोसली होती. तिचेंच हें शास्त्रीय रूप आहे.

विसाव्या शतकापासून नांव देण्याची रीतच पालटली. १९५७ सालीं यशस्वी उड्डाण केलेल्या अमेरिकन क्षेपणास्त्रास, आणि मँचेस्टर विद्यापीठांत १९६२ सालीं सुरू झालेल्या त्या काळच्या अत्यंत शक्तिमान गणकयंत्रास ॲटलास म्हटलें तें सामर्थ्य सुचविण्यासाठीं. जिनीव्हाजवळील सर्न प्रयोगशाळेंतील ४६ मीटर लांब व सुमारें ७००० टन वजनाच्या ज्या यंत्रानें हिग्ज कणाच्या शोधांत भाग घेतला, आणि ज्याची वार्ता ४ जुलै २०१२ रोजीं जाहीर झाली, त्याचेंहि नांव ॲटलास. परंतु तें एका लांब इंग्रजी नांवाचीं अक्षरें वेंचून जुळविलेलें आहे. पृथ्वीकडे येणाऱ्या लघुग्रहांची आगाऊ सूचना देणाऱ्या दुर्बिणींच्या जाळ्याचें नांवहि तसेंच साधलेलें. त्याच्या चिलींतील दुर्बिणीस १ जुलै २०२५ रोजीं सूर्यमालेबाहेरून आलेली तिसरी ज्ञात वस्तु दिसली. सर्व नामें धातूंपासून निघतात असें शाकटायनाचें मत, व सगळींच तशीं नसतात असें गार्ग्याचें. येथें मात्र नाम आधीं ठरलें आणि त्याचें निर्वचन मागाहून अक्षरें जुळवून केलें गेलें. ह्या प्रकारास कोणत्या पक्षांत घालावें हें दोघांनाहि अवघड गेलें असतें.

उपसंहार

आलंकारिकांच्या भाषेंत सांगावयाचें तर मणका, खांब व उपग्रह ह्यांच्याकडे हें नांव सादृश्यानें गेलें. ही गौणी लक्षणा. महासागराकडे तें सामीप्यानें गेलें. ही शुद्धा, गंगेवरच्या गौळवाड्यासारखी. नकाशासंग्रहाकडे तें ह्यांपैकीं कोणत्याच वाटेनें गेलें नाहीं. एका पंडितानें पूर्वीच्या पंडितास वाहिलेली ती पूजा होती, आणि पुढें रूढीनें ती जातिवाचक झाली. म्हणून एकाच शब्दाचे अनेक अर्थ दिसले असतां एकच कारण सर्वांना लावूं नये. ज्यानें नांव दिलें त्याचें म्हणणें उपलब्ध असेल तर तें आधीं वाचावें. तें नसेल तर नांवावरून वस्तूचें कूळ ठरवूं नये. साधन हातांत असतां तें न उघडण्याचा दोष माझ्याकडून घडला, म्हणून हें सांगण्याचा अधिकार थोडाबहुत मला आहे. ह्या विवेचनांत कांहीं प्रमाद असल्यास जाणकारांनीं ते अवश्य दाखवावे.

मागच्या बाकावरील तो मुलगा आतां मोठा झाला असेल, आणि कदाचित् आपल्या मुलांना माझेंच उत्तर सांगत असेल. त्याच्या शंकेचें खरें उत्तर त्या दिवशीं द्यावयास हवें होतें, तें आज येथें देतों : ॲटलासचे पाय पृथ्वीवरच होते, डोक्यावर होतें तें आकाश.